कॅमेऱ्यासमोरच्या माणसाचं काय?

1930 साली कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनीने 'स्वराज्याचं तोरण' हा मूकपट तयार केला. विषय शिवरायांच्या सुरुवातीच्या पराक्रमांचा. दिग्दर्शन व्ही. शांताराम यांचं आणि शिवाजी महाराजांची भूमिकाही त्यांचीच. जाहिरातीच्या चित्रात महाराज झेंडा उभारताना दाखवले होते. त्याच वर्षी दांडीयात्रा झाली होती, मिठाचा सत्याग्रह देशभर पेटला होता आणि 'स्वराज्य' या शब्दाचा अर्थ कुणालाही समजावून सांगण्याची गरज उरली नव्हती. तो सेन्सॉरलाही कळला. नावावर आणि झेंड्यावर हरकत आली आणि चित्रपट 'उदयकाल' या नावाने प्रेक्षकांपुढे गेला.

पाच वर्षांनी प्रभातवरच तीच वेळ पुन्हा आली. संत एकनाथांवरच्या बोलपटाचं नाव ठरलं होतं 'महात्मा'. एकनाथांच्या भूमिकेत बालगंधर्व. अस्पृश्यांच्या घरी जेवायला जाणाऱ्या संताची गोष्ट आणि वर 'महात्मा' हे नाव! पडद्यावर एकनाथ दिसले तरी लोकांच्या डोळ्यांपुढे गांधीजी उभे राहणार, हे ओळखायला फार हुशारी लागत नव्हती. 1935 साली चित्रपट लागला तो 'धर्मात्मा' या नावाने.

या दोन्ही गोष्टी मराठी चित्रपटाच्या इतिहासात अभिमानाने सांगितल्या जातात, आणि सांगाव्यातच. पण त्यांतला एक प्रश्न सहसा विचारला जात नाही. सेन्सॉर नेमकं कुणाला जपत होतं?

हिंदुस्थानात चित्रपटांवर कायद्याचा अंकुश आला तो 1918 च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याने. 1920 साली मुंबई, कलकत्ता, मद्रास आणि रंगून इथे सेन्सॉर मंडळं स्थापन झाली. मुंबईच्या मंडळाचे प्रमुख होते शहराचे पोलीस कमिशनर, आणि यातच सगळं आलं. चित्रपट ही कला आहे, धंदा आहे की करमणूक आहे, याच्याशी त्या खुर्चीला कर्तव्य नव्हतं. तिच्या दृष्टीने तो बंदोबस्ताचा विषय होता. 1921 सालचा कोहिनूर कंपनीचा 'भक्त विदुर' पाहा. महाभारतातला विदुर, पण द्वारकादास संपत यांनी तो रंगवला गांधीटोपी आणि खादी घालून. कराचीत आणि मद्रासमध्ये त्यावर बंदी आली. देशातल्या पहिल्या गाजलेल्या बंद्यांपैकी ही एक आणि तिचं कारण एक टोपी!

याउलट चुंबनाचा गोऱ्या साहेबाला फारसा त्रास नव्हता. 1933 च्या 'कर्मा' या बोलपटात देविकाराणी आणि हिमांशू राय यांचं चुंबन आहे आणि ते पडद्यावर आलंही. साहेबाची काळजी वेगळी होती. अमेरिकन चित्रपटांत गोऱ्या बायका प्रेमप्रकरणं करताना दिसतात, ते पाहून 'नेटिव्हां'च्या मनातला गोऱ्यांचा दरारा उतरेल, ही भीती त्या काळच्या सरकारी पत्रव्यवहारात आणि लंडनच्या चर्चांमध्ये वारंवार भेटते. 1927 साली टी. रंगाचारियार यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती नेमली गेली, त्यामागे हेही एक कारण होतं. या समितीपुढे दादासाहेब फाळक्यांचीही साक्ष झाली. थोडक्यात, सेन्सॉरचा जन्म प्रेक्षकाच्या हितासाठी झाला असं म्हणण्याला इतिहासाचा आधार नाही. प्रेक्षक काय करून बसेल, या धास्तीतून तो झाला.

स्वातंत्र्यानंतर हा सांगाडा मोडला जाईल अशी आशा होती. तसं झालं नाही. प्रांताप्रांतांची मंडळं जाऊन 1951 साली केंद्रीय मंडळ आलं, 1952 चा नवा कायदा आला, मुख्यालय मुंबईत राहिलं. पोलीस कमिशनर खुर्चीवरून उठले. 'लोकांनी काय पाहायचं ते आधी आम्ही पाहू' ही भूमिका मात्र जागची हलली नाही. फरक एवढाच की आता स्वराज्य चाललं आणि चुंबन खटकू लागलं.

या भूमिकेला पहिला खराखुरा घटनात्मक प्रश्न विचारला तो ख्वाजा अहमद अब्बास यांनी. अब्बास म्हणजे 'धरती के लाल'चे दिग्दर्शक, राज कपूरच्या 'आवारा'चे आणि 'श्री 420'चे लेखक, 'ब्लिट्झ'मध्ये वर्षानुवर्षं शेवटचं पान लिहिणारे मुंबईकर पत्रकार. 1968 साली त्यांनी 'चार शहर एक कहानी' हा सुमारे 16 मिनिटांचा लघुपट काढला. मुंबई, कलकत्ता, मद्रास आणि दिल्ली ही चार शहरं. एकीकडे उंच इमारती आणि चैन, दुसरीकडे त्या इमारती बांधणाऱ्याचं, गाडा ओढणाऱ्याचं, झोपडीत राहणाऱ्याचं जिणं. त्यात मुंबईच्या वेश्यावस्तीतली काही दृश्यं होती. दारात, खिडकीत उभ्या असलेल्या, गिऱ्हाइकाची वाट पाहणाऱ्या बायका. तोकडे कपडे, उघडे पाय. आणि एक दृश्य असं की पडद्यावर चेहरे दिसतच नाहीत, फक्त हात दिसतात. बाईच्या हातात नोटा आहेत. पुरुषाचा हात येतो आणि त्यातल्या बहुतेक काढून घेतो.

एवढ्या एका दृश्यात त्या धंद्याचं सगळं अर्थशास्त्र आहे. पण मंडळाचं लक्ष गेलं ते पायांकडे. अब्बास यांना सर्वांसाठी खुलं असं 'यू' प्रमाणपत्र हवं होतं. मंडळाने फक्त प्रौढांसाठीचं 'ए' दिलं. सरकारकडे अपील केलं तेव्हा उत्तर आलं की ती दृश्यं काढा, मग 'यू' देतो. अब्बास थेट सर्वोच्च न्यायालयात गेले. सुनावणी सुरू असताना सरकारने माघार घेतली आणि काहीही न कापता 'यू' द्यायची तयारी दाखवली. दुसरा कुणी असता तर प्रमाणपत्र घेऊन घरी गेला असता. अब्बास यांनी याचिका दुरुस्त करून घेतली आणि मूळ मुद्द्यालाच हात घातला: पुस्तकाला आणि वर्तमानपत्राला छापण्याआधी परवानगी लागत नाही, मग चित्रपटालाच का?

24 सप्टेंबर 1970 ला निकाल लागला. तो लिहिला सरन्यायाधीश हिदायतुल्ला यांनी. 'लेडी चॅटर्लीज लव्हर' विकल्याबद्दल मुंबईच्या एका पुस्तकविक्रेत्याला झालेली शिक्षा 1964 साली कायम करणारा निकालही त्यांचाच. अब्बास यांच्या खटल्यात ते बरेच पुढे आले. त्यांनी म्हटलं की बलात्कार, रोगराई, अनीती हे विषय पडद्यावर आले म्हणून कात्री चालवायची नसते. कलावंत तो विषय कसा हाताळतो हे पाहायचं असतं. समाजातल्या सर्वांत दुबळ्या आणि बिघडलेल्या माणसाला जपण्यासाठी निरोगी मनाच्या सर्वांचे डोळे बांधता येणार नाहीत, असंही त्यांनी बजावलं. पण मूळ प्रश्नावर अब्बास हरले. चित्रपट माणसाच्या मनाला इतर कुठल्याही कलेपेक्षा जास्त हलवतो, म्हणून त्याची आधी तपासणी करणं घटनेला धरून आहे, असं न्यायालय म्हणालं. तोच नियम आजही चालू आहे.

या निकालाची स्तुती पुष्कळ झाली आहे आणि ती रास्त आहे. त्यात नसलेली एक गोष्ट मात्र आज डोळ्यांत भरते. पायांची चर्चा झाली, प्रेक्षकाच्या मनाची झाली, कलावंताच्या हक्काची झाली. त्या खिडकीत उभ्या असलेल्या बायकांना आपण चित्रपटात दिसावं असं वाटत होतं का, हा प्रश्न कुणाच्याच मनात आला नाही. सरकारच्या नाही, न्यायालयाच्या नाही आणि अब्बास यांच्यासारख्या गरिबांसाठी आयुष्यभर लिहिलेल्या माणसाच्या बाजूनेही नाही.

प्रेक्षकाबद्दलची न्यायालयांची भीती पुढे कमी होत गेली. 1988 साली गोविंद निहलानी यांची 'तमस' दूरदर्शनवर सुरू झाली तेव्हा फाळणीच्या दंगली पाहून पुन्हा दंगली होतील म्हणून मुंबई उच्च न्यायालयात धाव घेतली गेली आणि स्थगितीही मिळाली. न्यायमूर्ती लेंटिन आणि न्यायमूर्ती सुजाता मनोहर यांनी सगळी मालिका स्वतः बसून पाहिली आणि स्थगिती उठवली. पुढे सर्वोच्च न्यायालयाने तो निर्णय उचलून धरला तेव्हा आधार घेतला तो नागपूरच्या एका जुन्या निकालाचा. नागपूर उच्च न्यायालयात असताना न्यायमूर्ती विवियन बोस यांनी 1946 साली लिहून ठेवलं होतं की शब्दांचा परिणाम जोखायचा तो समंजस, खंबीर आणि धीट माणसाच्या मापाने. ज्याला जिकडेतिकडे धोका दिसतो अशा डळमळीत मनाच्या माणसाच्या मापाने नव्हे. अक्षरओळख नाही म्हणजे अक्कल नाही असं होत नाही, हे 'तमस'च्या निमित्ताने एकदाचं मान्य झालं.

प्रेक्षक प्रौढ ठरला. राहिला तो पडद्यावरचा माणूस.

1994 साली शेखर कपूर यांचा 'बँडिट क्वीन' कान महोत्सवात दाखवला गेला आणि जगभर गाजला. डाकू म्हणून गाजलेल्या फूलनदेवीवरचा हा चित्रपट. सुरुवातीलाच सांगतो की ही सत्यकथा आहे. बेहमई गावात फूलनवर झालेले अत्याचार, तिला सगळ्या गावासमोर विवस्त्र करून विहिरीवर पाणी आणायला चालायला लावणं, हे सगळं त्यात आहे. सीमा बिस्वास यांचं काम पाहताना आजही अंगावर काटा येतो. मंडळाने हरकती घेतल्या, प्रकरण अपील लवादाकडे गेलं, लवादाने 'ए' प्रमाणपत्र दिलं. मग गुर्जर समाजातल्या एका गृहस्थाने आपल्या समाजाची बदनामी झाल्याची तक्रार केली आणि दिल्ली उच्च न्यायालयाने ते प्रमाणपत्र रद्द केलं. 1 मे 1996 ला सर्वोच्च न्यायालयाने ते पुन्हा बहाल केलं. न्यायमूर्ती भरुचा यांच्या निकालाचा सारांश असा: ती नग्नता पाहून वासना जागी होत नाही, अत्याचार करणाऱ्यांची किळस येते, म्हणून ती दृश्यं काढून टाकली तर चित्रपटाचा प्राणच जाईल. भारतीय चित्रपटाच्या स्वातंत्र्याचा हा मैलाचा दगड मानला जातो.

पण या चित्रपटावर पहिला आक्षेप मंडळाचाही नव्हता आणि कुठल्या समाजाचाही नव्हता. तो खुद्द फूलनदेवीचा होता. अकरा वर्षांचा तुरुंगवास संपवून ती 1994 साली बाहेर आली होती. आपल्यावरचा चित्रपट परदेशात लोक पाहताहेत आणि आपल्याला तो दाखवलेला नाही, हे तिला कळलं. तिच्यावरचे खटले अजून मिटलेले नव्हते. बेहमईत तिच्या टोळीने केलेल्या हत्याकांडात आपण गोळ्या झाडल्या नाहीत असं ती सांगत होती आणि चित्रपट वेगळंच दाखवत होता. आपल्यावरच्या बलात्काराबद्दल किती बोलायचं, कुणाशी बोलायचं, हे तिचं तिने ठरवलेलं होतं. चित्रपटाने ते तिच्यासाठी ठरवून टाकलं. ती दिल्ली उच्च न्यायालयात गेली. न्यायालयाने तिच्या खासगी आयुष्याच्या हक्काचं म्हणणं ऐकलं आणि प्रदर्शनाला मनाई केली. पुढे निर्मात्यांशी तिची तडजोड झाली आणि ते प्रकरण संपलं. अरुंधती रॉय यांनी तेव्हाच एक घणाघाती लेख लिहून विचारलं होतं की जिवंत बाईवरचा बलात्कार तिच्या परवानगीवाचून पुन्हा रचून दाखवण्याचा हक्क यांना दिला कुणी? तेव्हा रॉय कादंबरीकार म्हणून कुणाला माहीत नव्हत्या. त्या लेखाने कला आणि सेन्सॉर यांच्यातल्या नेहमीच्या भांडणात तिसरा पक्ष उभा केला, आणि तो पक्ष तेव्हापासून थांबूनच आहे.

इथे एक गोष्ट स्पष्ट सांगायला हवी. सर्वोच्च न्यायालयाचा निकाल चुकीचा नव्हता. त्या दृश्यांना कात्री लावणं म्हणजे अत्याचारावरच पांघरूण घालणं झालं असतं. तरीही फूलनदेवीचं म्हणणं खोटं ठरत नाही. चित्रपट दाखवला जायलाच हवा होता आणि तो आधी तिला दाखवायला हवा होता. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत.

हे फक्त आपल्याकडचं नाही. बर्नार्दो बेर्तोलुच्ची यांच्या 'लास्ट टँगो इन पॅरिस' या 1972 च्या चित्रपटावर इटलीत अश्लीलतेचा खटला चालला. 1976 साली तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने सगळ्या प्रती नष्ट करण्याचा हुकूम दिला. बेर्तोलुच्ची यांना चार महिन्यांची स्थगित शिक्षा झाली आणि पाच वर्षं मतदानाचा हक्क गेला. कलेसाठी छळ सोसलेला दिग्दर्शक म्हणून जगाने त्यांना डोक्यावर घेतलं. चित्रीकरणाच्या वेळी मारिया श्नायडर ही नटी 19 वर्षांची होती, समोर 47 वर्षांचे मार्लन ब्रँडो. सर्वांत बदनाम झालेल्या, बलात्काराच्या प्रसंगातला लोण्याचा तपशील मूळ संहितेत नव्हता. तो तिला ऐन वेळी कळला. आपल्याला अपमानित झाल्यासारखं वाटलं, आपले अश्रू खरे होते, असं तिने 2007 साली सांगितलं. 2011 मध्ये ती वारली. त्यानंतर 2013 साली बेर्तोलुच्ची यांनी एका मुलाखतीत कबूल केलं की तिला मुद्दाम आधी सांगितलं नव्हतं, कारण त्यांना नटीची नव्हे तर मुलीची प्रतिक्रिया हवी होती.

इटलीच्या न्यायालयाने चार वर्षं त्या चित्रपटाचा कीस काढला. समाजाची नीती तपासली, कुटुंबसंस्था तपासली, ख्रिस्ती संस्कार तपासले. त्या प्रसंगात एका मुलीवर खरोखर काय गुदरलं, याची चौकशी झाली नाही. सेन्सॉर म्हणून काम करणाऱ्या व्यवस्थेचं हे अपयश तिच्या रचनेतलंच आहे: ती पडदा आणि प्रेक्षक यांच्यामधे उभी राहते. कॅमेऱ्यासमोर काय घडतं तिकडे तिची पाठ असते.

हा प्रश्न सेन्सॉरने नाही तर चित्रपटाने स्वतःच कसा हाताळावा, याचं एक उत्तम उदाहरण मुंबईतलंच आहे. आनंद पटवर्धन यांचा 'हमारा शहर' हा 1985 सालचा माहितीपट मुंबईच्या झोपडपट्ट्यांवर आणि त्या पाडणाऱ्या मोहिमांवर आहे. त्यात एक बाई कॅमेऱ्याकडे वळून चित्रपट काढणाऱ्यालाच फैलावर घेते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमच्यासाठी काय करणार, असा तिचा सवाल आहे. पटवर्धन यांनी तो तुकडा कापून टाकला नाही. संकलनाच्या टेबलावर तो उडवणं सहज शक्य होतं. कुणाला कळलंही नसतं. त्यांनी तो चित्रपटात ठेवला आणि आपल्यावरचा आरोप प्रेक्षकांपुढे मांडला. याच पटवर्धन यांच्या 'जंग और अमन' या अण्वस्त्रांवरच्या माहितीपटाला 2002 साली मंडळाने 21 ठिकाणी कात्री सुचवली. त्यांनी एकही तुकडा काढायला नकार दिला आणि 2003 साली मुंबई उच्च न्यायालयातून पूर्ण चित्रपटाला मान्यता मिळवली. सत्तेपुढे एक शब्द न कापणारा आणि झोपडीतल्या बाईचे शब्दही न कापणारा, हा एकच माणूस आहे.

मराठीत हाच प्रश्न कथेच्या रूपाने मांडला तो रवी जाधव यांच्या 'न्यूड' या चित्रपटाने. नवऱ्याच्या जाचाला कंटाळून मुंबईत आलेली यमुना, तिच्या नात्यातली चंद्राक्का आणि जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये विद्यार्थ्यांपुढे विवस्त्र बसण्याचं काम. मुलाच्या शिक्षणासाठी यमुना ते पत्करते. कल्याणी मुळे आणि छाया कदम यांनी या भूमिका केल्या. ज्या बाईच्या शरीराकडे सगळे पाहतात त्या बाईच्या नजरेतून जग दाखवणारा असा चित्रपट आपल्याकडे दुर्मीळच. 2017 च्या नोव्हेंबरात पणजीच्या इफ्फी महोत्सवात इंडियन पॅनोरमाचा शुभारंभ त्यानेच व्हायचा होता. निवड समितीने तसं ठरवलंही होतं. माहिती आणि प्रसारण मंत्रालयाने तो आणि सनलकुमार शशिधरन यांचा मल्याळम 'एस दुर्गा' असे दोन्ही यादीतून वगळले. निवड समितीचे प्रमुख सुजॉय घोष यांनी राजीनामा दिला. 2018 च्या एप्रिलमध्ये 'न्यूड' चित्रपटगृहांत लागला तेव्हा 'ए' प्रमाणपत्राने आणि एकही दृश्य न कापता. ज्या चित्रपटात कायद्याला कापण्याजोगं काहीच सापडलं नाही, तो गोव्याच्या प्रेक्षकांपासून नावामुळे दूर ठेवला गेला, असंच म्हणावं लागतं. 'स्वराज्याचं तोरण' ते 'न्यूड', नावांची भीती अजून गेलेली नाही.

अब्बास यांच्या खटल्यात सरकारने दिलेल्या आश्वासनातून अपिलासाठी स्वतंत्र लवाद जन्मला होता. 1983 पासून तो काम करत होता. 'बँडिट क्वीन' त्यानेच सोडवला. एप्रिल 2021 मध्ये तो बरखास्त झाला. आता मंडळाशी मतभेद झाले की उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागते, आणि छोट्या पैशांत चित्रपट काढणाऱ्याला ती परवडत नाही. कायद्यातल्या 2023 च्या दुरुस्तीने वयानुसार प्रमाणपत्रं आली, ते बरंच झालं.

चित्रपटात बैल, घोडा किंवा कोंबडी दाखवली तर प्राणी कल्याण मंडळाचं ना-हरकत पत्र जोडावं लागतं, आणि तो नियम चांगला आहे. मंडळाच्या मार्गदर्शक सूचनांत हिंसा आहे, अश्लीलता आहे, बदनामी आहे, स्त्रियांची अप्रतिष्ठा आहे. ज्याचं आयुष्य पडद्यावर आणलं त्याला विचारलं का, हा प्रश्न त्यांत नाही. तो तिथे घालावा अशी मागणी मात्र कुणी करू नये. उद्या एखाद्या पुढाऱ्यावर चित्रपट काढायचा तर त्याचीच परवानगी आणा, असं सांगायला सत्तेला आणखी एक सबब मिळेल. सत्ताधाऱ्याला विचारायची गरज नसते, दुबळ्याला विचारावंच लागतं. हा भेद कुठला नियम करू शकणार नाही, चित्रपट काढणाऱ्यालाच तो करावा लागेल. म्हणून विनंती आहे ती त्यांनाच. झोपडीत, वस्तीत, तुरुंगातून सुटलेल्या कुणाच्या घरी कॅमेरा घेऊन जाणार असाल तर चित्रपट पुरा झाल्यावर पहिला खेळ महोत्सवात लावू नका. तो त्या माणसाला दाखवा, त्याच्या शेजारी बसून पाहा आणि तो जे बोलेल ते ऐकून घ्या. मग सेन्सॉरशी भांडायला उभे राहा; तेव्हा प्रेक्षकांनीही तुमच्या पाठीशी उभं राहायला हवं.